फिलिस कोट्स आणि अडीच दिवसांचा भाग : अमेरिकी टीव्हीच्या उदयामागची पार्श्वभूमी

फिलिस कोट्स हे नाव आज कुणाला आठवत असेल, तर ते सुपरमॅनच्या पहिल्या टीव्ही मालिकेतली वार्ताहर नायिका लोइस लेन म्हणून. १९५१ साली तयार झालेले पहिल्या सत्राचे २६ भाग, एवढ्यावर तिची ओळख थांबते. त्याआधी आणि त्यानंतर तिने केलेले काम जवळपास विस्मरणात गेले आहे. त्यात एका रिळाचे विनोदी लघुपट आहेत, तासाभराचे वेस्टर्न, म्हणजे काउबॉयपट आहेत, प्रकरणाप्रकरणाने दाखवल्या जाणाऱ्या साहसी सीरियल आहेत, ड्राइव्ह-इनसाठी, म्हणजे गाडीत बसून पाहायच्या उघड्या सिनेमागृहांसाठी काढलेले भयपट आहेत आणि कितीतरी टीव्ही मालिकांतल्या एकेका भागापुरत्या भूमिका आहेत. हे विस्मरण समजून घ्यायचे, तर आधी त्या काळचा व्यवहार पाहावा लागतो : चित्रपट भाड्याने कसा जाई, दिवसाला पटकथेची किती पाने उरकत, टीव्ही केंद्राकडे कोणती प्रिंट जाई आणि पुन्हा दाखवलेल्या भागाचे पैसे कुणाला मिळत. कोट्ससारख्या अभिनेत्रींचे काम टीव्हीने हिरावून घेतले, असे सरसकट म्हटले जाते. प्रत्यक्षात टीव्हीने ते काम होते तसे उचलले आणि त्याचा वेग वाढवला. मोबदल्याचे नियम मात्र फार उशिरा आले. तोवर या अभिनेत्रींचे बरेचसे काम करून झाले होते.

ठरावीक भाड्याचा सिनेमा

१९३० च्या दशकात अमेरिकी सिनेमागृहांत एका तिकिटात दोन चित्रपट दाखवण्याची पद्धत रुजली. वरचा चित्रपट मोठ्या नटांचा. त्याच्या तिकीटविक्रीत निर्मात्याला टक्केवारी मिळे. खालचा चित्रपट, म्हणजे बी-पिक्चर, ठरावीक भाड्याने जाई. प्रेक्षकांनी तो डोक्यावर घेतला काय किंवा खुर्चीत डुलक्या काढल्या काय, निर्मात्याच्या हाती येणारी रक्कम तीच राही. उत्पन्न आधीच ठरलेले असल्यामुळे नफा वाढवण्याचा एकच मार्ग उरे, तो म्हणजे खर्च कापण्याचा. आणि खर्चाचा सर्वांत मोठा भाग दिवसांचा होता, कारण तंत्रज्ञ, घोडे, गाड्या, दिवे, जेवण या सगळ्याचा आकडा दिवसागणिक चढे. म्हणून रिपब्लिक आणि मोनोग्राम या कंपन्यांनी दिवस कमी करण्याचे शास्त्रच बनवले होते.

पंचावन्न-साठ मिनिटांचा वेस्टर्न आठवड्याभरात, फार तर आठ-नऊ दिवसांत संपे. बाहेरची दृश्ये लॉस एंजेलिसजवळच्या चॅट्सवर्थच्या आयव्हर्सन रँचसारख्या ठिकाणी घेत. तिथले खडक इतक्या चित्रपटांत आले आहेत, की सराईत प्रेक्षक एकेक दगड ओळखतो. पटकथा कथेच्या क्रमाने कधीच चित्रित होत नसे. एका खडकापाशी घडणारे सगळे प्रसंग, मग ते कथेच्या सुरुवातीचे असोत की शेवटचे, सलग उरकायचे. रात्रीचे प्रसंगही दिवसाच घेत. कॅमेऱ्याला लाल फिल्टर लावून आणि प्रकाश कमी देऊन निगेटिव्ह गडद करत. ही युक्ती चौकटीत पांढुरके, धुरकट आकाश आले की फसते. निळे आकाश लाल फिल्टरने काळे पडते, पण ढगाळ आकाश उजळच राहते आणि रात्र खोटी वाटू लागते. त्यामुळे अशा शॉटमध्ये कॅमेरा थोडा उंचावर ठेवून खाली वळवत, म्हणजे आकाश चौकटीबाहेर राही.

या चित्रपटांत नायिकेच्या वाट्याला मोजके प्रसंग येत, पण कथानकाचा सांगाडा बहुधा तिच्या संवादांवर उभा असे. वडिलांचा खून कुणी केला असावा, कुरणाचा करार कुणाकडे आहे, बँकेची मुदत कधी संपते, ही सगळी माहिती तिने द्यायची. ती पहिल्या-दुसऱ्या टेकमध्ये, जमिनीवरच्या खुणेवर बरोबर थांबून, समोरच्या नटाची सावली स्वतःच्या चेहऱ्यावर पडू न देता. बाहेरच्या चित्रीकरणात ही सावली मोठी अडचण असते. पत्रा किंवा चंदेरी कागद लावलेल्या फळ्यांनी उन्हाचा उजेड चेहऱ्यावर फेकतात, आणि त्या चकाकीत डोळे न मिचकावता बोलायला सवय लागते. ज्या अभिनेत्रीला ती सवय होती तिला पुन्हा बोलावणे येई. अभिनयाची समीक्षा या चित्रपटांची फारशी होत नसे. पुढचे काम मिळणे हीच पावती.

कोट्सचे शिक्षण

कोट्सचे मूळ नाव जिप्सी अ‍ॅन एव्हार्ट्‌स स्टेल. जन्म १५ जानेवारी १९२७ चा, टेक्सासमधल्या विचिटा फॉल्सचा. हॉलिवूडमध्ये तिची सुरुवात रंगमंचावर झाली, केन मरे यांच्या 'ब्लॅकआउट्स' या गाजलेल्या विनोदी कार्यक्रमात. त्या मंचावर नाचणाऱ्या मुलींतून प्रहसनांकडे जाता येई. प्रहसनात ज्या दोन गोष्टी अंगवळणी पडतात, त्या पुढे तिच्या कायम कामाला आल्या : हशा संपता संपता पुढचे वाक्य उचलणे, आणि समोरच्याने काही चुकवले तरी प्रसंग पुढे रेटणे.

मग वॉर्नर ब्रदर्सशी करार झाला. तिथे १९४८ पासून तिने रिचर्ड बेअर यांच्या जो मॅकडोक्स लघुपटांत नायकाच्या बायकोची, अ‍ॅलिसची भूमिका केली. नायक जॉर्ज ओ'हॅन्लन. बेअर यांच्याशी तिचे लग्नही झाले, पण ते थोडेच टिकले. हे लघुपट एका रिळाचे होते. ३५ मिलिमीटरचे एक रीळ म्हणजे १,००० फूट फिल्म, आणि सेकंदाला २४ चौकटींच्या वेगाने मिनिटाला ९० फूट जातात. तेव्हा सगळी गंमत अकरा मिनिटांच्या आत बसवायची. निवेदक बोलत असे, नवरा गोंधळ घालत असे, आणि बायकोच्या चेहऱ्यावर त्या गोंधळाची किंमत दिसे. संवाद थोडे, प्रतिक्रिया जास्त. पुढे टीव्हीच्या छोट्या पडद्यावर जवळून घेतलेला चेहरा हेच मुख्य दृश्य झाले, तेव्हा हे प्रशिक्षण सोन्याच्या मोलाचे ठरले.

१९५०-५१ पासून ती मोनोग्रामच्या वेस्टर्नमध्ये नियमित दिसू लागली, जॉनी मॅक ब्राउन आणि व्हिप विल्सन यांच्यासोबत. पण त्या वेळी हे चित्रपटच संपत चालले होते. १९५२ चा 'कॅन्यन अँबुश' हा ब्राउन यांच्या मालिकेतला शेवटचा, आणि १९५३ चा 'एल पासो स्टॅम्पीड' हा अ‍ॅलन लेन यांच्या रिपब्लिकमधल्या मालिकेतला शेवटचा. दोन्हींत नायिका कोट्सच आहे. एका उद्योगाच्या शेवटच्या पानांवर तिचे नाव असे आहे. १९५४ च्या सुमारास हा वेस्टर्न-मालिकांचा प्रकार अमेरिकी सिनेमागृहांतून नाहीसा झाला.

पाया कुठे हलला

दोन घटना एकाच वर्षी, १९४८ साली घडल्या. ३ मे रोजी अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने पॅरामाउंट खटल्याचा निकाल दिला. चित्रपट गठ्ठ्याने गळ्यात मारण्याची पद्धत बेकायदा ठरली आणि मोठ्या स्टुडिओंना आपल्या मालकीच्या सिनेमागृहांपासून वेगळे होणे भाग पडले. सिनेमागृहाला प्रत्येक चित्रपट निवडून घेता येऊ लागला, तेव्हा खालच्या चित्रपटाची हमखास जागा डळमळली.

त्याच वर्षी ३० सप्टेंबरला फेडरल कम्युनिकेशन्स कमिशन या प्रसारण नियामक संस्थेने नव्या टीव्ही केंद्रांचे परवाने गोठवले. केंद्रे एकमेकांच्या लहरींत अडथळा आणत होती, आणि वाटपाचा आराखडा नव्याने करायचा होता. ही बंदी १४ एप्रिल १९५२ पर्यंत टिकली. त्या काळात देशभरात केवळ १०८ केंद्रे होती, आणि अनेक मोठ्या शहरांत एकही नव्हते. ही गोष्ट बऱ्याचदा नजरेआड होते. टीव्हीची वाढ सुरुवातीला अडवलेली होती, आणि बंदी उठल्यावर ती धरण फुटल्यासारखी पसरली. १९५० साली सुमारे ९ टक्के घरांत टीव्ही संच होता, १९५५ मध्ये जवळपास ६५ टक्के घरांत, आणि १९६० मध्ये ८७ टक्के.

ही केंद्रे भरायची कशाने? पूर्व आणि पश्चिम किनारा जोडणारी प्रक्षेपणाची यंत्रणा १९५१ च्या सप्टेंबरमध्ये सुरू झाली. तोवर न्यूयॉर्कचा थेट कार्यक्रम लॉस एंजेलिसला दाखवायचा, तर टीव्हीच्या पडद्यावरून फिल्मवर उतरवून पाठवावा लागे. या किनेस्कोपचे चित्र धूसर, कडा वाकड्या, काळे-पांढरे बरबटलेले. थेट फिल्मवर घेतलेला कार्यक्रम त्यापुढे कितीतरी स्वच्छ दिसे, आणि प्रिंट पेटीत घालून कुठेही पाठवता येई. विल्यम बॉइड यांनी हॉपअलाँग कॅसिडी या काउबॉय पात्राच्या आपल्या ६६ जुन्या चित्रपटांचे हक्क मिळवले आणि १९४९ च्या जूनमध्ये ते एनबीसी या टीव्ही वाहिनीवर झळकू लागले. मुलांनी ते डोक्यावर घेतले. वेस्टर्नला टीव्हीवर गिऱ्हाईक आहे, हे त्यातून कळले.

मग नवे भाग काढणे सुरू झाले. जाहिरातदार किंवा वितरक भागामागे ठरलेली रक्कम देई, आणि निर्मात्याने त्यात बसवायचे. म्हणजे हिशेब पुन्हा बी-पिक्चरचाच : उत्पन्न ठरलेले, नफा दिवस कापण्यात. तेच दिग्दर्शक, तेच छायालेखक, तेच घोडे, आयव्हर्सनचे तेच खडक. 'सिस्को किड', 'रेंज रायडर', 'लोन रेंजर' या मालिकांत कोट्स अधूनमधून येते. मोनोग्रामच्या चित्रपटातून ती थेट चालत आल्यासारखी वाटते, कारण कामाचे स्वरूप खरोखरच बदलले नव्हते.

१९५१ : लोइस लेनचे काम

१९५१ च्या उन्हाळ्यात लिपर्ट पिक्चर्सकरिता 'सुपरमॅन अँड द मोल मेन' हा ५८ मिनिटांचा चित्रपट काढला गेला. दिग्दर्शक ली शोलेम, सुपरमॅन जॉर्ज रीव्ह्ज, लोइस कोट्स. चित्रपट म्हणजे टीव्ही मालिकेची चाचणीच होती. तो संपताच त्याच मंडळींनी पहिल्या सत्राचे २४ भाग चित्रित केले, आणि चित्रपटाचेच दोन तुकडे करून 'द अननोन पीपल' या नावाने उरलेले दोन भाग भरले. २६ चा आकडा असा पुरा झाला.

चित्रीकरण कल्व्हर सिटीतल्या आरकेओ-पाथे स्टुडिओत. शहराच्या रस्त्यांसाठी जवळच 'फॉर्टी अ‍ॅकर्स' हे मोकळे आवार होते, जिथे 'गॉन विथ द विंड'चे अटलांटा उभे राहिले होते. बाहेरून भव्य दिसणारे ते आवार टीव्हीच्या निर्मात्याला परवडे, कारण इमारतींचे दर्शनी भाग तयारच असत.

एक भाग सुमारे अडीच दिवसांत संपे. अर्ध्या तासाच्या भागाची पटकथा तीस-एक पानांची धरली, तर दिवसाला बारा पाने झाली. मोठ्या चित्रपटात दिवसाला दोन-तीन पाने हा चांगला वेग मानला जाई. एवढी पाने उरकण्यासाठी तीन-चार भागांचे चित्रीकरण एकत्र करत. लोइस जिथे काम करते त्या 'डेली प्लॅनेट' या वृत्तपत्राच्या संपादकाच्या खोलीचा संच लागला की हातातल्या सगळ्या भागांमधले त्या खोलीतले प्रसंग एका दमात घ्यायचे, आणि मग संच हलवायचा. दिवे एकदाच लावायचे. कॅमेऱ्याच्या जागा दोन-तीनच. दाराकडून टेबलाकडे, आणि टेबलामागून दाराकडे.

लोइस प्रत्येक भागात त्याच सूटमध्ये आणि टोपीत दिसते, त्याचे कारण हेच. कपडे बदलले असते, तर प्रत्येक प्रसंगाआधी अर्धा तास गेला असता, आणि एका भागातला शॉट दुसऱ्यात वापरता आला नसता. सुपरमॅनचे रोजचे रूप असलेल्या क्लार्क केंटचा सूटही तसाच. दार उघडणे, जिना उतरणे, गाडीत बसणे असे शॉट मग कुठल्याही भागात चालत.

या पद्धतीत चुका कुठे होतात हे ठाऊक असले, की अभिनय कसा पाहायचा हे कळते. नटासमोर एकाच सकाळी चार कथा असतात. एका प्रसंगात लोइसला तिचा सहकारी जिमी बेपत्ता झाल्याचे माहीत आहे, पुढच्यात नाही, कारण तो दुसऱ्या भागातला आहे. पटकथेची नोंद ठेवणारी व्यक्ती कपडे आणि हातातली कागदपत्रे जुळवते. आवाजातली घाई जुळवणे मात्र नटाचे काम. बहुतेक नट यातून वाट काढतात ती सगळीकडे सारखाच मध्यम सूर लावून. कोट्स तसे करत नाही. तिची लोइस चिडते, समोरच्याला मध्येच तोडते, घाबरली तरी प्रश्न विचारत राहते, आणि धोक्याची पातळी भागागणिक वेगळी ऐकू येते. वेगाने काढलेल्या भागांत असा फरक राखणे ही साधी गोष्ट नाही. आमच्या मते तिच्या कामातली सर्वांत मोठी कमाई तीच आहे.

मारामारीचे प्रसंगही याच घाईत होत. ठोशाचा अंदाज कॅमेऱ्याच्या कोनावर अवलंबून असतो. नट आणि कॅमेरा यांच्या रेषेत मूठ चेहऱ्याच्या बाजूने गेली, की लागल्यासारखी दिसते. मात्र दोघांमधले अंतर तालमीत मोजलेले हवे. 'नाइट ऑफ टेरर' या भागात ते चुकले. समोरच्या नटाचा ठोसा कोट्सला खरोखर बसला आणि ती बेशुद्ध पडली. ती शुद्धीवर आल्यावर काम पुढे चालू झाले. रीव्ह्ज यांनाही पहिल्या सत्रात तारांनी उचलताना पडण्याचा अनुभव आला, आणि नंतर उड्डाणासाठी उसळत्या फळीवरून झेप घेण्याची पद्धत आली. फळी चौकटीच्या खाली ठेवली की ती दिसत नाही. नट वर जातो, कॅमेऱ्याबाहेरच्या गादीवर पडतो, आणि पुढचा शॉट आकाशाचा लागतो.

पहिली दोन सत्रे कृष्णधवल होती. निळा आणि लाल रंग करड्या छटांत जवळपास एकसारखे उमटतात, म्हणून सुपरमॅनचा पोशाख करड्या आणि तपकिरी कापडाचा शिवला होता. टीव्हीसाठीच्या कपड्यांबद्दल तेव्हा सगळीकडेच हा विचार करावा लागे. केंद्रावर फिल्मचे टीव्हीचित्र करणाऱ्या यंत्राला टोकाचे पांढरे आणि टोकाचे काळे झेपत नसे. पांढऱ्या सदऱ्याभोवती झळाळी पसरे, काळ्या कोटाच्या घड्या दिसेनाशा होत. म्हणून मधल्या करड्या छटांचे कापड निवडत आणि प्रकाशही सपाट, भरपूर ठेवत. या मालिकेच्या पहिल्या सत्रात मात्र सावल्या खोल आहेत, गल्ल्या अंधाऱ्या आहेत, मारामारी कडक आहे. चांगल्या प्रिंटवर ते सुंदर दिसते. पण त्या काळच्या छोट्या संचावर त्यातला बराच भाग नुसता काळोख म्हणून पोहोचला असणार. त्या संचांचे कोपरे गोलसर असल्यामुळे चौकटीच्या कडाही कापल्या जात, म्हणून महत्त्वाची हालचाल मध्यभागी ठेवलेली आढळते.

पार्श्वसंगीत नवे नव्हते. संगीतकारांच्या संघटनेने टीव्हीसाठीच्या फिल्मवर उत्पन्नाच्या ५ टक्के रक्कम आपल्या निधीत मागितली होती, त्यामुळे स्वस्त मालिकांनी आधीच ध्वनिमुद्रित असलेल्या तयार संगीताचा साठा वापरला. एकच थरारक तुकडा वेगवेगळ्या मालिकांत ऐकू येतो, तो त्यामुळे.

भाग तयार झाले १९५१ मध्ये, आणि प्रक्षेपण सुरू झाले १९५२ च्या सप्टेंबरमध्ये, केलॉग्ज ही न्याहारीचे पदार्थ बनवणारी कंपनी जाहिरातदार म्हणून आल्यावर. मधले वर्ष कोट्स पुन्हा बी-पिक्चरमध्ये काम करत होती. मालिका लोकप्रिय होऊन १९५३ मध्ये दुसरे सत्र ठरले, तेव्हा ती दुसऱ्या एका नियोजित मालिकेच्या नमुना भागासाठी बांधलेली होती. ती मालिका उभी राहिलीच नाही. लोइसची भूमिका नोएल नील हिच्याकडे गेली, जिने १९४८ आणि १९५० च्या कोलंबिया सीरियलमध्ये ती आधीच केली होती. दुसऱ्या सत्रापासून निर्माताही बदलला आणि जाहिरातदाराच्या अपेक्षेनुसार हिंसा मवाळ झाली. १०४ भागांपैकी ७८ नीलचे आणि २६ कोट्सचे. पुढचे भाग १९५४ पासून रंगीत फिल्मवर चित्रित झाले. रंगीत टीव्ही आल्यावर केंद्रांनी साहजिकच तेच जास्त दाखवले, आणि कोट्सचे कृष्णधवल भाग मागे पडले.

दुसऱ्याच्या कपड्यांत

१९५३ साली तिने रिपब्लिकची 'जंगल ड्रम्स ऑफ आफ्रिका' ही १२ प्रकरणांची सीरियल क्लेटन मूर यांच्यासोबत केली, १९५४ मध्ये कोलंबियाची 'गनफायटर्स ऑफ द नॉर्थवेस्ट', आणि १९५५ मध्ये 'पँथर गर्ल ऑफ द काँगो'. शेवटची ही रिपब्लिकच्या ६६ सीरियलमधली ६५ वी. हा प्रकारही तिच्या डोळ्यांसमोर बंद पडला. कोलंबियाने शेवटची सीरियल १९५६ मध्ये काढली.

'पँथर गर्ल' कशी बनली हे जाणून घेण्यासारखे आहे. रिपब्लिकने १९४१ साली फ्रान्सिस गिफर्ड हिला घेऊन 'जंगल गर्ल' काढली होती. वेलींवरचे झोके, प्राण्यांशी झटापट, उंचावरून उड्या, असे महागडे चित्रीकरण कपाटात तयार होते. १४ वर्षांनी कोट्सला हुबेहूब गिफर्डसारखा पोशाख घातला, तशीच केशरचना केली, आणि जुन्या दूरच्या शॉटना नवे जवळचे शॉट जोडले. झेप घेते ती १९४१ मधली स्टंट करणारी बाई, आणि जमिनीवर उतरून वळते ती कोट्स.

ही जोडणी तीन ठिकाणी उघडी पडते. एक, जुन्या निगेटिव्हवरून दुसरी निगेटिव्ह काढावी लागते आणि त्या प्रतीत दाणे वाढतात, करड्या छटा आटतात. नवा शॉट त्यापुढे जास्त स्वच्छ दिसतो. दोन, उजेडाची दिशा. जुन्या शॉटमध्ये ऊन डावीकडून असेल, तर नव्यातही दिवा डावीकडेच हवा, नाहीतर नाकाची सावली उलटी पडते. तीन, हालचालीची गती. झोक्याच्या वेगाने आलेले शरीर जमिनीवर टेकल्यावर एकदम स्थिर असून चालत नाही. नटीने दोन पावले धावत चौकटीत शिरले पाहिजे आणि धाप लागलेली दाखवली पाहिजे. पहिल्या दोन गोष्टी छायालेखकाच्या, तिसरी अभिनेत्रीची. कोट्स ती चोख सांभाळते. प्रकरणाच्या सुरुवातीला मागच्या संकटातून सुटका दाखवताना हे नीट पाहावे. त्याच सीरियलमधले राक्षसी जीव म्हणजे छोट्या प्रतिकृतींच्या संचात फिरवलेले जिवंत क्रेफिश आहेत.

तिशीत आई

१९५७ च्या 'आय वॉज अ टीनएज फ्रँकेन्स्टाइन'मध्ये कोट्स शास्त्रज्ञाची वाग्दत्त वधू आहे. हा चित्रपट अमेरिकन इंटरनॅशनल पिक्चर्सचा. या कंपनीने ठरावीक भाड्याच्या सापळ्यातून सुटण्याचा मार्ग काढला होता. स्वतःचेच दोन स्वस्त चित्रपट जोडीने द्यायचे, म्हणजे खालच्या जागेचा प्रश्न उरत नाही आणि पूर्ण कार्यक्रमावर टक्केवारी मागता येते. गिऱ्हाईक मुख्यतः किशोरवयीन, ठिकाण बहुधा ड्राइव्ह-इन.

टीव्हीवर तोवर तिला आयांच्या भूमिका मिळू लागल्या होत्या. १९५८-५९ च्या 'धिस इज अ‍ॅलिस' या मालिकेत ती नऊ-दहा वर्षांच्या मुलीची आई आहे. तेव्हा तिचे वय होते ३१. पुरुष नायक पन्नाशीतही घोड्यावर बसत होते. बाईसाठी मात्र तिशीनंतर स्वयंपाकघर, हे त्या काळच्या कौटुंबिक मालिकांचे अलिखित गणित होते आणि ते अन्यायाचेच होते. ज्या अभिनेत्रीने सात वर्षांपूर्वी गुंडांना उलट प्रश्न विचारणारी वार्ताहर उभी केली, तिला आता दारात उभे राहून मुलीला हाक मारायची होती.

पैसे कुणाला मिळाले

सर्वांत महत्त्वाचा भाग हा आहे. भाग एकदा चित्रित झाला की तो कितीही वेळा दाखवता येतो. थेट प्रक्षेपणात ही सोय नव्हती. पुनःप्रक्षेपणाचा मोबदला मिळावा यासाठी स्क्रीन अ‍ॅक्टर्स गिल्ड या नटांच्या संघटनेने पहिला करार १९५२ मध्ये केला. सुपरमॅनचे पहिले सत्र १९५१ चे, म्हणजे कराराच्या आधीचे. करारानंतरच्या मालिकांतही मोबदला ठरावीक फेऱ्यांपुरताच होता. कितीही वेळा दाखवले तरी प्रत्येक वेळी मोबदला, ही तरतूद १९७४ च्या करारात आली.

सिनेमागृहासाठी काढलेल्या चित्रपटांचे तर आणखी वाईट. रॉय रॉजर्स यांच्यासारख्या मोठ्या ताऱ्याने आपले जुने वेस्टर्न टीव्हीवर जाहिरातींसोबत दाखवू नयेत म्हणून रिपब्लिकविरुद्ध दावा लावला. १९५१ मध्ये तो जिंकला, पण १९५४ मध्ये अपील न्यायालयात हरला. ताऱ्याची ही गत, तर नायिकेची काय कथा! १९६० मध्ये नटांनी ७ मार्च ते १८ एप्रिल असा संप केला. तडजोड अशी झाली की १९६० पासून पुढच्या चित्रपटांना टीव्हीचा मोबदला मिळेल, आणि आधीच्या चित्रपटांबद्दल निर्मात्यांनी पेन्शन व कल्याण निधीसाठी २२.५ लाख डॉलर एकरकमी द्यावेत. म्हणजे १९४८ ते १९५९ या काळातले चित्रपट टीव्हीवर कितीही वेळा दाखवले, तरी त्यातल्या नटांना वेगळा पैसा नाही. कोट्सचे चित्रपटातले जवळपास सगळे काम याच बारा वर्षांतले आहे.

दरम्यान जागा आणि साठे हात बदलत राहिले. मोनोग्रामने १९५३ मध्ये अलाइड आर्टिस्ट्स हे नाव घेतले. आरकेओ कंपनी १९५५ मध्ये जनरल टेलिरेडिओने अडीच कोटी डॉलरना घेतली, आणि तिचे जुने चित्रपट टीव्हीकडे गेले. १९५७ च्या अखेरीस तिच्या जागा डेसिलूने, म्हणजे ल्युसिल बॉल आणि देसी अर्नाझ यांच्या टीव्ही कंपनीने घेतल्या. कल्व्हर सिटीतला, जिथे लोइस लेनने धावपळ केली होती तो स्टुडिओही त्यात होता.

तिचे काम आज पाहताना

१९९४ मध्ये 'लोइस अँड क्लार्क' या मालिकेत कोट्सने लोइसच्या आईची पाहुणी भूमिका केली. ११ ऑक्टोबर २०२३ रोजी, वयाच्या ९६ व्या वर्षी, लॉस एंजेलिसच्या वुडलँड हिल्स भागात तिचे निधन झाले.

तिचे काम पाहणाऱ्याने आवृत्त्यांकडे लक्ष द्यावे. टीव्ही केंद्रांना ३५ मिलिमीटरऐवजी १६ मिलिमीटरच्या प्रिंट जात. २६ मिनिटांच्या भागाला ३५ मध्ये २,३४० फूट लागतात, १६ मध्ये ९३६ फूट, म्हणजे एकाच रिळात काम होते. टपालखर्च वाचे. पण एकच प्रिंट केंद्राकेंद्रांतून फिरे. प्रत्येक ठिकाणी जाहिरातींसाठी ती कापून पुन्हा चिकटवत आणि चिकटवताना एखाद-दुसरी चौकट जाई. संवादाचे पहिले अक्षर गिळल्यासारखे वाटते, ते बऱ्याचदा यामुळे, कोट्सच्या उच्चारामुळे नव्हे. मूळ निगेटिव्हवरून काढलेल्या प्रतीत तीच वाक्ये स्वच्छ ऐकू येतात.

सीरियलच्या बाबतीत गोंधळ मोठा आहे. १९६६ मध्ये रिपब्लिकच्या २६ सीरियल प्रत्येकी सुमारे १०० मिनिटांत कापून टीव्हीला विकल्या गेल्या. तेव्हा 'पँथर गर्ल ऑफ द काँगो'चे नाव 'द क्लॉ मॉन्स्टर्स' झाले आणि 'जंगल ड्रम्स ऑफ आफ्रिका'चे 'यू-२३८ अँड द विच डॉक्टर'. सूचीत ही दोन नावे वेगळे चित्रपट म्हणून मोजलेली आढळली, तर ती नोंद चूक आहे. कापताना आधी गेले ते प्रकरणांच्या सुरुवातीचे पुनरावृत्तीचे तुकडे, आणि नंतर संवादांची दृश्ये, म्हणजे नेमका तिचा अभिनय. म्हणून या दोन्ही सीरियल मूळ १२ प्रकरणांच्या रूपातच पाहाव्यात. 'द अननोन पीपल'ऐवजीही ५८ मिनिटांचा मूळ चित्रपट घ्यावा. दोन भागांत बसवताना त्यातली काही मिनिटे गळली आहेत.